पगार थांबल्यावरचा पगार: निवृत्तीची तयारी पहिल्या पायरीपासून

इंदूरच्या मराठी घरांत दोन-तीन पिढ्या निवृत्तीचं नियोजन असं कोणी वेगळं केलंच नाही, कारण तशी गरज पडली नाही. आधी होळकर संस्थानची चाकरी, मग विद्युत मंडळ, रेल्वे, बँक, सरकारी शाळा. पगार ठरल्या तारखेला यायचा आणि निवृत्तीनंतर पेन्शनही तशीच यायची. आजोबा गेले तर आजीला कुटुंब पेन्शन सुरू व्हायची. आज त्याच घरातला मुलगा सुपर कॉरिडॉरवरच्या आयटी कंपनीत आहे, मुलगी पीथमपूरच्या कारखान्यात क्वालिटी बघते, सून घरी ट्यूशन घेते किंवा डबे करून देते. यांतल्या कोणालाही तशी पेन्शन नाही. सरकारी नोकरीतही ती सरसकट उरलेली नाही. केंद्राने १ जानेवारी २००४ पासून आणि मध्य प्रदेश सरकारने १ जानेवारी २००५ पासून नव्या भरतीला एनपीएसमध्ये, म्हणजे राष्ट्रीय पेन्शन योजनेत घातलं.

म्हणजे पेन्शन आता स्वतः उभी करायची आहे. हा लेख ज्यांनी अजून काहीच सुरू केलेलं नाही, पीएफ कापला जातो एवढंच ज्यांना ठाऊक आहे, त्यांच्यासाठी आहे. माझं सांगणं एकच आहे. ‘निवृत्तीला एक कोटी लागतात की पाच कोटी’ या प्रश्नाने सुरुवात करू नका. ‘महिन्याला किती लागतील आणि ते कुठून येतील’ इथून सुरुवात करा. आपली घरं महिन्याच्या हिशोबावर चालतात, म्हातारपणही महिन्याच्या हिशोबावरच चालणार आहे.

आधी घरखर्चाची वही

तीन महिने खर्च लिहा. मोबाइलवर लिहा, वहीत लिहा, पण लिहा. अंदाजाने सांगितलेला खर्च जवळजवळ नेहमीच कमी निघतो, कारण सणवार, लग्नातले आहेर, गाडीचा विमा, माहेरच्या फेऱ्या हे सगळं आपण ‘कधीतरीचं’ म्हणून सोडून देतो. वर्षभराचे असे खर्च एकत्र करून बाराने भागा आणि तो आकडा महिन्यात धरा.

सुदामा नगरातलं एक जोडपं उदाहरणाला घेऊ. नवरा ३२ वर्षांचा, खासगी कंपनीत. बायको घरी ट्यूशन घेते. एक मूल. त्यांची वही साधारण अशी दिसेल: किराणा ७,०००, दूध-भाजी-फळं ५,५००, वीज-पाणी-गॅस-मोबाइल ३,५००, पेट्रोल ३,०००, डॉक्टर आणि औषधं २,०००, कामवाल्या मावशी २,०००, आणि महालक्ष्म्या, दिवाळी, आहेर, प्रवास, सानंदची नाटकं मिळून महिन्याला ५,०००. झाले २८,०००. शिवाय मुलाची शाळा ८,००० आणि घराचा हप्ता १४,०००. एकूण ५०,०००.

आता याच वहीवरून निवृत्तीची वही करा. साठीला शाळा नसेल आणि हप्ता संपलेला असेल (तो संपलाच पाहिजे, त्याबद्दल पुढे). पेट्रोल निम्म्यावर येईल. औषधं मात्र २,००० वरून साडेपाच हजारांवर धरा. पुन्हा बेरीज केली की आकडा येतो ३०,०००. आजच्या भावाने या दोघांना साठीनंतर महिन्याला एवढे लागतील.

महागाई ६ टक्के धरली तर वस्तूंचे भाव साधारण १२ वर्षांत दुप्पट होतात. २८ वर्षांनी हेच ३०,००० रुपये दीड लाखाच्या वर जातात. हा आकडा बघून बरेच जण कॅल्क्युलेटर बंद करतात आणि विषयही बंद करतात. तसं करू नका. पगारही तोवर वाढणार आहे, म्हणून सगळा हिशोब आजच्या रुपयांत करा, मन स्थिर राहतं. महिना ३०,००० म्हणजे वर्षाला ३ लाख ६० हजार. साठ ते नव्वद अशी ३० वर्षं धरा. निवृत्तीनंतर तुमच्या पैशांवरचं व्याज फक्त महागाईची बरोबरी करतं असं माना, म्हणजे मूळ रक्कम वाढतही नाही आणि झिजतही नाही. मग लागतात तीस वर्षांचे खर्च: १ कोटी ८ लाख, आजच्या रुपयांत.

ही रक्कम २८ वर्षांत जमवायची आणि गुंतवणूक महागाईच्या वर सरासरी ३ टक्के देते असं धरलं, तर आज महिन्याला सुमारे २१,००० बाजूला पडायला हवेत, आणि दर वर्षी महागाईइतकी त्यात वाढ करायला हवी. एकवीस हजार ऐकून दचकायला होतं. पण यातला मोठा भाग नोकरदाराच्या खात्यात आधीच पडत असतो.

पीएफचं पासबुक उघडून वाचा

ईपीएफओच्या (पीएफ सांभाळणाऱ्या सरकारी संघटनेच्या) संकेतस्थळावर किंवा उमंग ॲपवर यूएएन, म्हणजे तुमचा पीएफचा कायमचा क्रमांक, टाकून पासबुक उघडा. महिन्याच्या ओळीत तीन रकमा दिसतील. पहिली तुमचा हिस्सा: बेसिक (मूळ पगार) आणि महागाई भत्त्याच्या १२ टक्के. दुसरी मालकाचा हिस्सा. मालकही १२ टक्केच देतो, पण त्यातले ८.३३ टक्के पेन्शन योजनेत जातात. ही कपात सध्या १५,००० रुपये वेतनावरच मोजली जाते, म्हणून ती १,२५० वर थांबते. हे १,२५० तिसऱ्या रकान्यात दिसतात. आपल्या उदाहरणातल्या नवऱ्याचं बेसिक ४०,००० असेल तर त्याचे ४,८००, मालकाचे ३,५५० आणि पेन्शनचे १,२५०. म्हणजे पीएफमध्ये दर महिन्याला ८,३५० रुपये पडताहेत. २१,००० मधून हे वजा केले की उरतात साडेबारा हजारांच्या आसपास. आता काम आवाक्यात येतं.

पासबुकात आणखी काही गोष्टी तपासा. काही कंपन्या बेसिक कितीही असलं तरी १५,००० वरच पीएफ कापतात. मग तुमच्या रकान्यात १,८०० दिसतील आणि मालकाकडून पीएफमध्ये जेमतेम साडेपाचशे. तसं असेल तर २१,००० पैकी जवळपास सगळाच भार तुमच्यावर आहे, हे आजच कळलेलं बरं. पीएफ मागच्या महिन्याचा चालू महिन्याच्या १५ तारखेपर्यंत भरायचा असतो. पगाराच्या चिठ्ठीवर कपात दिसते पण पासबुकात दोन-तीन महिने ओळच नाही, असं झालं तर एचआरला ईमेलने विचारा, तोंडी नको. उत्तर आलं नाही तर ईपीएफओच्या तक्रार पोर्टलवर जा.

पेन्शनच्या त्या तिसऱ्या रकान्यावर फार भिस्त ठेवू नका. सूत्र असं आहे: पेन्शनयोग्य वेतन गुणिले सेवेची वर्षं, भागिले ७०. वेतन १५,०००, सेवा २८ वर्षं आणि २० वर्षांहून जास्त सेवेबद्दल मिळणारी २ जादा वर्षं धरली तर महिना ६,४२९ रुपये येतात. ही पेन्शन ५८ व्या वर्षी सुरू होते आणि महागाईप्रमाणे आपोआप वाढत नाही. आपल्या ३२ वर्षांच्या गृहस्थाला २६ वर्षांनी मिळणारे हे पैसे आजच्या भावात चौदाशेच्या आसपास बसतात. म्हणून मी वरच्या हिशोबात ते धरलेच नाहीत. पण हक्क सोडूही नका. या पेन्शनसाठी किमान १० वर्षं सेवा लागते, आणि नोकरी बदलताना सेवा जोडून घेतली तरच ती मोजली जाते.

इथेच सगळ्यात जास्त नुकसान होतं. नोकरी बदलली, पीएफ काढला, गाडी घेतली. पाच वर्षांच्या आत काढलेल्या रकमेवर कर लागतो तो वेगळाच, पण खरं नुकसान पुढच्या वर्षांचं आहे. साधं गणित बघा. महिन्याला ५,००० रुपये १० टक्के परताव्याने ३० वर्षं वाढले तर सुमारे १ कोटी १३ लाख होतात. तेच २० वर्षं वाढले तर सुमारे ३८ लाख. पहिली दहा वर्षं काढून टाकली की दोन-तृतीयांश रक्कम गेली. पंचविशीतले पीएफचे चाळीस-पन्नास हजार तेव्हा किरकोळ वाटतात, पण ते सर्वांत जास्त काळ वाढणारे पैसे असतात. जुनं खातं नव्या खात्यात वळवा, काढू नका.

पीएफवर २०२३-२४ आणि २०२४-२५ या दोन्ही वर्षांसाठी ८.२५ टक्के व्याज मिळालं. एवढ्या सुरक्षित ठिकाणी एवढा दर सहज मिळत नाही, म्हणून ज्यांना शेअर बाजाराची धास्ती आहे त्यांनी आपला हिस्सा स्वेच्छेने वाढवून घेण्याचा अर्ज कंपनीत द्यावा. फक्त तुमचा वर्षाचा हिस्सा अडीच लाखांच्या वर गेला तर वरच्या रकमेच्या व्याजावर कर लागतो. याच खात्याला जोडलेला ७ लाखांपर्यंतचा विमाही असतो. नोकरीत असताना सभासदाचा मृत्यू झाला तर तो कुटुंबाला मिळतो, पण अनेक घरांना त्याची कल्पनाच नसते.

एका मालकावर सगळं सोपवू नका

इंदूरमध्ये हे वेगळं समजावून सांगायला नको. हुकुमचंद मिल १९९२ मध्ये बंद पडली. कामगारांची देणी कोर्टकचेऱ्यांत अडकली आणि २५ डिसेंबर २०२३ रोजी सुमारे २२४ कोटींचा धनादेश निघाला, जवळपास ४,८०० कामगारांसाठी. तीस वर्षांहून जास्त काळ. कित्येक जण तो दिवस बघायला उरले नव्हते.

ग्रॅच्युइटी (नोकरी संपताना मालक देतो ती एकरकमी रक्कम), थकीत पगार, कंपनीचा आरोग्य विमा, कंपनीचे शेअर, हे सगळं एकाच दाराशी उभं असतं. ग्रॅच्युइटीचं सूत्र शेवटचा पगार गुणिले १५ भागिले २६ गुणिले वर्षं असं आहे. मिळाली तर उत्तम, पण योजनेचा खांब म्हणून धरू नका. मालकाशी संबंध नसलेलं, स्वतःच्या नावावरचं किमान एक खातं प्रत्येकाने चालू ठेवलंच पाहिजे.

ते खातं कुठलं?

माझं मत विचाराल तर पहिलं पीपीएफ, म्हणजे सार्वजनिक भविष्य निर्वाह निधी. टपाल कार्यालयात किंवा बँकेत उघडता येतं. वर्षाला किमान ५००, जास्तीत जास्त दीड लाख. मुदत १५ वर्षं, त्यापुढे पाच-पाच वर्षांनी वाढवता येते. व्याजाचा दर एप्रिल २०२० पासून ७.१ टक्के आहे आणि व्याजावर कर नाही. नोकरदारालाही चालतं, सराफ्यात दुकान असलेल्यालाही चालतं आणि घरी ट्यूशन घेणाऱ्या वहिनींनाही.

एक बारकावा मात्र पाळा. पीपीएफचं व्याज महिन्याच्या ५ तारखेनंतर महिनाअखेरपर्यंत खात्यात असलेल्या किमान शिलकीवर मोजतात. ६ तारखेला भरलेल्या पैशांवर त्या महिन्याचं व्याज मिळत नाही. वर्षाचे सगळे पैसे एकदम भरणं जमत असेल तर ५ एप्रिलच्या आत भरा. दर वर्षी सुरुवातीलाच दीड लाख भरले आणि दर ७.१ टक्के राहिला तर १५ वर्षांनी साधारण ४० लाख ६८ हजार होतात. हेच पैसे दर मार्चअखेर घाईने भरणाऱ्याच्या हातात पावणेतीन लाखांच्या आसपास कमी येतात.

पीएफ आणि पीपीएफ झाले की उरलेल्या रकमेसाठी वाढणारी जागा लागते, कारण फक्त व्याजाच्या खात्यांवर महागाईच्या वर ३ टक्के सरासरी निघत नाही. इथे म्युच्युअल फंडाची एसआयपी, म्हणजे दर महिन्याला ठरलेली गुंतवणूक, येते. सुरुवात करणाऱ्याने निफ्टी ५० चा एक साधा इंडेक्स फंड घ्यावा, डायरेक्ट योजनेत (मध्ये एजंट नसलेल्या). त्यात देशातल्या ५० मोठ्या कंपन्या येतात, कोणता शेअर चांगला हे ओळखायची गरज पडत नाही आणि खर्चही कमी असतो. पाच-सहा फंड घेऊन काही वेगळं साधत नाही, नुसता कागद वाढतो.

पण एक गोष्ट मनाशी पक्की करूनच या वाटेला जा. बाजार पडतो. २००८ मध्ये सेन्सेक्स अर्ध्याहून खाली आला होता. मार्च २०२० मध्ये काही आठवड्यांत एक-तृतीयांशाहून जास्त घसरला. अशा वेळी एसआयपी बंद करून पैसे काढणाऱ्याचं नुकसान कायमचं झालं. चालू ठेवणाऱ्याला त्याच पैशांत जास्त युनिट मिळाली. ज्या पैशांची येत्या सात वर्षांत गरज पडेल ते इथे नकोत. निवृत्तीला वीस-पंचवीस वर्षं असणाऱ्याचे मात्र थोडे तरी पैसे इथे असलेच पाहिजेत.

एनपीएस हा दोन्हींचा मेळ आहे. १ मे २००९ पासून तो सगळ्या नागरिकांना खुला आहे. पैसे शेअर, सरकारी रोखे आणि कंपन्यांच्या रोख्यांत वाटले जातात आणि बरीच वर्षं बहुतांशी अडकून राहतात. ज्यांचा हात सैल आहे त्यांच्यासाठी हे अडकणंच उपयोगाचं. निवृत्तीच्या वेळी ठरावीक भाग एकरकमी मिळतो आणि ठरावीक भागातून विमा कंपनीकडून आजन्म पेन्शन विकत घ्यावी लागते. या प्रमाणाचे नियम बदलत असतात, तेव्हा सही करण्याआधी त्या दिवशीचा नियम वाचा. कंपनी तुमच्यासाठी एनपीएस भरायला तयार असेल तर नाही म्हणू नका. मालकाने भरलेल्या रकमेवर बेसिकच्या १४ टक्क्यांपर्यंत वजावट नव्या करप्रणालीत मिळते. ८०सीची (पीपीएफ, विमा अशा गुंतवणुकींवरची) सूट त्या प्रणालीत मिळत नाही, म्हणून ‘टॅक्स वाचवायला काय घेऊ’ हा मार्चमधला प्रश्न आता बऱ्याच जणांसाठी संपला आहे. बरंच झालं. कर वाचवायच्या नादात घेतलेल्या पॉलिसींनीच अनेकांचं निवृत्तीचं गणित बिघडवलं आहे.

ज्यांना पगारच नाही

डबे करणाऱ्या मावशी, पौरोहित्य करणारे गुरुजी, पोळी-भाजी केंद्र, शिवणकाम, छोटं दुकान. यांच्यासाठी अटल पेन्शन योजना आहे. २०१५ साली सुरू झाली. वय १८ ते ४० मध्ये बँकेत नाव नोंदवायचं, ६० नंतर महिना १,००० ते ५,००० रुपयांची हमी. ५,००० रुपयांच्या पेन्शनसाठी १८ व्या वर्षी महिन्याला २१० रुपये भरावे लागतात, ३० व्या वर्षी ५७७ आणि ४० व्या वर्षी १,४५४. सभासदामागे नवऱ्याला किंवा बायकोला तीच पेन्शन चालू राहते आणि दोघांनंतर खात्यावर नोंदवलेल्या नॉमिनीला जमा रक्कम मिळते. १ ऑक्टोबर २०२२ पासून आयकर भरणाऱ्यांना नव्याने नाव नोंदवता येत नाही.

पाच हजारांत घर चालणार नाही हे उघड आहे. पण मिळकत कमी-जास्त होणाऱ्या घरात दर महिन्याला खात्यात येणारी एक खात्रीची रक्कम असणं ही मोठी गोष्ट आहे. तिच्या जोडीला पीपीएफ ठेवा आणि सीझनच्या महिन्यांत, लग्नसराईत, गणपती-दिवाळीत जास्त भरा. पीपीएफमध्ये दर महिन्याला सारखी रक्कम भरायचं बंधन नाही, ही या मंडळींसाठी मोठी सोय आहे. घरात कामाला येणाऱ्या मावशींनाही अटल पेन्शनबद्दल सांगा, त्यांच्यासोबत एकदा बँकेत जा. अर्ध्या तासाचं काम आहे.

पैसे गळतात त्या जागा

सगळ्यात मोठी गळती आजारपणाची. कंपनीचा आरोग्य विमा निवृत्तीच्या दिवशी संपतो, आणि साठीनंतर मधुमेह-रक्तदाबासह नवी पॉलिसी महाग पडते. चाळिशीच्या आतच स्वतःची वेगळी पॉलिसी घ्या. आधीपासूनच्या आजारांसाठीचा प्रतीक्षाकाळ आता जास्तीत जास्त तीन वर्षांचा आहे, तो नोकरीत असतानाच उरकून जातो. वैयक्तिक आरोग्य विम्याच्या हप्त्यावरचा जीएसटी २२ सप्टेंबर २०२५ पासून शून्य झाला आहे. घरात ७० वर्षांवरचं कोणी असेल तर त्यांचं आयुष्मान कार्ड काढून घ्या. ऑक्टोबर २०२४ पासून ७० वर्षांवरील सगळ्यांना, उत्पन्न कितीही असो, वर्षाला ५ लाखांपर्यंतच्या उपचारांची सोय आहे. आणि निवृत्तीच्या पैशांना हात लागू नये म्हणून सहा महिन्यांचा घरखर्च बचत खात्यात किंवा एफडीत वेगळा ठेवा. खरं तर हे काम एसआयपीच्याही आधीचं.

दुसरी जागा, जमीन. आपल्या शहरात बायपासच्या पलीकडे प्लॉट घेऊन ठेवणं हीच अनेकांची निवृत्तीची योजना असते. भाव वाढले असतील, पण प्लॉट महिन्याला पैसे देत नाही. शिवाय साठीच्या वर्षी हवा तेव्हा, हव्या भावाने गिऱ्हाईक मिळेलच असं नाही. कॉलनी वैध आहे का, डायव्हर्जन (शेतजमिनीचं बिगरशेतीत रूपांतर) झालंय का, रेरा नोंदणी आहे का, हे न बघता घेतलेल्या प्लॉटचा त्रास पुढच्या पिढीला होतो. भंवरकुआंकडे क्लासला येणाऱ्या मुलांना वरचा मजला भाड्याने देणारी घरं मात्र वेगळी. तिथे दरमहा भाडं हातात येतं आणि त्यातून घरखर्चाचा एखादा रकाना खरोखर भरून निघतो. राहत्या घराचं कर्ज मात्र साठीआधी फेडूनच टाका. पगार थांबल्यावर हप्ता चालू राहिला तर वरची सगळी वही कोलमडते.

भिशी आणि पतसंस्था यांबद्दल स्पष्ट लिहितो. ओळखीतली भिशी गॅसची शेगडी घ्यायला ठीक, निवृत्तीला नाही. बँक बुडाली तर ठेवीदाराला मुद्दल-व्याज मिळून एका बँकेत ५ लाखांपर्यंतचं संरक्षण आहे आणि ते नागरी सहकारी बँकांनाही लागू आहे. पतसंस्थांना ते लागू नाही. संचालक आपल्या समाजातले आहेत, गणेशोत्सवात भेटतात, म्हणून पैसे सुरक्षित आहेत असा अर्थ काढू नका. सहकारी बँकेतही एका नावावर पाच लाखांहून जास्त ठेवू नका. दोन बँका करा.

आणि मुलं. हे लिहिणं अवघड आहे, पण सांगायलाच हवं. मुलाच्या परदेशी शिक्षणासाठी पीएफ मोकळा करणारे आईवडील प्रेमापोटीच तसं करतात. पण शिक्षणासाठी बँक कर्ज देते आणि मुलगा ते पुढची पंधरा वर्षं फेडू शकतो. पंचावन्नाव्या वर्षी रिकामी झालेली तुमची पेटी भरायला तेवढी वर्षं नसतात. मुलांशी मोकळेपणाने बोला: फीचा इतका भाग आम्ही देऊ, बाकी कर्ज. हिशोब दाखवला की बहुतेक मुलं समजून घेतात.

शेवटची पाच वर्षं

पंचावन्नच्या पुढे वाढीपेक्षा सांभाळणं महत्त्वाचं. इंडेक्स फंडातली रक्कम दर वर्षी थोडी थोडी एफडीत किंवा रोख्यांत आणा, म्हणजे निवृत्तीच्या वर्षीच बाजार कोसळला तरी पहिल्या पाच-सात वर्षांचा खर्च सुरक्षित असेल. बाकीची रक्कम फंडातच राहू द्या. साठीनंतरही तीस वर्षं जायची आहेत, सगळंच एफडीत टाकलं तर महागाई त्याला हळूहळू खाईल.

निवृत्तीनंतर दरमहा पैसे येण्यासाठी पहिली जागा म्हणजे ज्येष्ठ नागरिक बचत योजना. एका व्यक्तीला ३० लाखांपर्यंत, मुदत ५ वर्षं, पुढे तीन-तीन वर्षांनी वाढवता येते. दर एप्रिल २०२३ पासून ८.२ टक्के आहे आणि ठेव ठेवताना असलेला दर पूर्ण मुदतीसाठी टिकतो. ३० लाखांवर तिमाहीला ६१,५०० रुपये, म्हणजे महिन्याला साडेवीस हजार. नवरा-बायको दोघांचीही पात्रता असेल तर दोघांच्या नावाने वेगवेगळी खाती काढा. टपाल खात्याची मासिक प्राप्ती योजना तिच्या जोडीला चालते, एकाच्या नावावर ९ लाख आणि जोड खात्यात १५ लाख. जीपीओ चौकातल्या मुख्य टपाल कार्यालयात ही सगळी कामं होतात. आधार, पॅन, फोटो आणि निवृत्तीचा दाखला सोबत न्या. साठीच्या आधी निवृत्त झाला असाल तर ज्येष्ठांच्या योजनेसाठी वयाची आणि मुदतीची वेगळी अट आहे, म्हणून पीएफचे पैसे हातात आल्यावर चौकशी लांबवू नका.

याच काळात कागदपत्रं नीट लावा. दोघांच्या नावे जोड खातं असू द्या. साधं मृत्युपत्र करा. दोन साक्षीदारांच्या सह्या लागतात, नोंदणी सक्तीची नाही, पण केलेली बरी. नॉमिनी हा बहुतेक ठिकाणी पैसे ताब्यात घेणारा असतो, मालक ठरतो तो वारसाहक्काने किंवा मृत्युपत्राने. त्यामुळे दोन्हींत वेगवेगळी नावं असली की भावंडांत भांडणं होतात. कोणतं खातं कुठे आहे, पॉलिसीचा नंबर काय, लॉकर कोणत्या शाखेत आहे, हे एका वहीत लिहा आणि ती वही घरातल्या दोघांनाही माहीत असू द्या. पासवर्ड आणि पिन मात्र तिच्यात लिहू नका.

नॉमिनेशन सर्वांत जास्त चुकलेलं सापडतं ते लग्नाआधी उघडलेल्या खात्यांत. पहिल्या नोकरीचा पीएफ, कॉलेजच्या काळातलं बचत खातं, वडिलांनी काढून दिलेली विमा पॉलिसी. लग्नानंतर पीएफचं नॉमिनेशन नव्याने करावं लागतं आणि ते आता आधारच्या आधारे ऑनलाइन होतं. या आठवड्यात वेळ मिळेल तेव्हा तीच जुनी खाती आधी उघडून बघा.